उभ्या गाडीत चालणारा पंखा

गॅरेजमध्ये कुणी किस्से सांगायला म्हणून येत नाही. गाडीचं बॉनेट उघडं असतं, मालकाला घरी जायला दुसरं वाहन नसतं, मग तो स्टुलावर बसतो आणि बोलायला लागतो. मी काम करता करता ऐकतो, आणि हात धुतल्यावर लिहून काढतो. असं करता करता शंभर पानी अकरा वह्या भरल्या. रिले आणि फ्यूजच्या डब्यांशेजारी त्या फळीवर उभ्या आहेत. युसूफभाई म्हणतो, "नाना, पार्ट कम, किताबें ज्यादा. लोग लायब्ररी समझ के आयेंगे."

युसूफभाई म्हणजे शेजारच्या शेडचा इंजिन मिस्त्री. नंदुरबारच्या कोरीट रस्त्याला आमच्या दोन शेड एकाच भिंतीला टेकून उभ्या आहेत. इंजिन, क्लच, ब्रेक त्याच्याकडे. वायरिंग, सेल्फ, लाइट, पंखे माझ्याकडे. मी हे काम कुठल्या वर्गात बसून शिकलो नाही. जळलेल्या वायरी उलगडत शिकलो. एकदा केलेली चूक दुसऱ्यांदा होऊ नये म्हणून लिहायला लागलो. डाव्या पानावर गिऱ्हाइकाची तक्रार, उजव्या पानावर काय सापडलं ते.

या अकरा वह्यांमध्ये सगळ्यात जास्त पानं डॅशबोर्डमधल्या पंख्याने खाल्ली आहेत. त्याला आम्ही ब्लोअर म्हणतो. नंदुरबारमध्ये गाडीच्या हीटरचं नाव काढलं की लोक हसतात, कारण इथे उन्हाळ्यात स्टिअरिंग फडक्याने धरावं लागतं. पण एसीची गार हवा आणि हीटरची गरम हवा एकच पंखा ढकलतो. तो थांबला की सपाटीवरचा माणूस घामाने भिजतो, आणि पहाडावरच्या माणसाला थंडीत समोरचा रस्ता दिसेनासा होतो. दोघेही माझ्याकडेच येतात.

*

तक्रार कशी ऐकायची, हे मला चिंचपाड्याकडच्या एका सिस्टरने शिकवलं. सगळी नोकरी वॉर्डात काढून त्या रिटायर झाल्या. जुनी छोटी गाडी आहे, ती स्वतः चालवतात. पहिल्यांदा आल्या तेव्हा गाडीतून उतरल्या आणि घडी घातलेला एक कागद माझ्या हातात दिला. त्यावर लिहिलं होतं:

"पहिल्या तीन खटक्यांवर हालचाल नाही. चौथ्यावर पूर्ण शुद्धीवर. आवाज नाही, वास नाही. त्रास अचानक सुरू, आठ दिवस झाले."

मला मीटर काढायचीही गरज पडली नाही. चौथ्या खटक्याला पंख्याला करंट थेट मिळतो. आधीच्या तीन खटक्यांना तो रेझिस्टरमधून जातो, म्हणून पंखा हळू फिरतो. रेझिस्टर जळला होता. एवढा पार्ट बदलायचा, झालं.

मी वहीत लिहिलं, 'स्पीड प्रॉब्लेम'. सिस्टरनी वाकून ते वाचलं आणि चष्मा काढला.

"हे मी बोलले?"

मी म्हटलं, नाही, पण अर्थ तोच.

"पेशंट बोलला ते आधी लिहायचं. त्याच्याच शब्दांत. तुमचं मत त्याच्या खाली, वेगळ्या ओळीत. पेशंट म्हणाला पोट दुखतंय, आणि आपण लिहिलं ॲसिडिटी, की मग पुढचा प्रत्येक जण ॲसिडिटीच शोधत बसतो."

मला ते पटलं. त्या दिवसापासून डाव्या पानावर गिऱ्हाइकाचं वाक्य जसंच्या तसं लिहायचं, असा नियम केला.

नवा रेझिस्टर बसवला. सिस्टरनी चारही खटके दोन दोनदा फिरवून बघितले, गाडी चालू केली आणि खिडकीतून हात बाहेर काढला. मला कळेना काय हवंय.

"डिस्चार्ज कार्ड."

रेझिस्टरच्या खोक्याचा पुठ्ठा फाडला, त्यावर काय बिघडलं आणि काय बदललं ते लिहून सही करून दिलं. त्यांनी वाचलं आणि परत दिलं. "फॉलोअप लिहिला नाही."

तोंडाला आलं ते म्हणालो, सहा महिन्यांनी. तेही लिहून घेतलं, आणि मगच गेल्या!

*

कोरीटचे छगनभाई मोठे शेतकरी. कापूस वेचून झाला की तो घराच्या पडवीत ढीग घालतात आणि त्याच पडवीत गाडी उभी करतात. एकदा पंख्याचा नुसता घूं घूं आवाज यायला लागला. पुढे तोही बंद झाला.

मी ब्लोअर बाहेर काढला. आतली जाळीची चकती कापसाने गच्च भरली होती. उंदराने पूर्ण थंडीची सोय करून ठेवली होती! वर्तमानपत्र अंथरून मी सगळा कापूस उपसला. चांगली ओंजळभर रास झाली.

छगनभाईंनी पंख्याकडे बघितलंसुद्धा नाही. त्यांनी राशीतला एक पुंजका उचलला, दोन बोटांत ओढून धागा काढला, तो उजेडाकडे धरला. परत एक पुंजका घेतला, परत ओढला.

"हाऊ कापूस मन्हा नही शे," ते म्हणाले. "मन्हा धागा लांब ऱ्हास. हाऊ शेजारना शे."

मी म्हटलं, असेल शेजाऱ्याचा. उंदराला कुंपण कसलं?

छगनभाईंनी पुंजका परत राशीवर ठेवला. मग म्हणाले, "उंदीर मन्हा, गाडी मन्ही, आन कापूस त्यान्हा!"

पंखा साफ करून दिला. छगनभाईंनी तो चालतो का हेही तपासलं नाही. कापूस मात्र पिशवीत भरून घेऊन गेले, शेजाऱ्याला दाखवायला.

*

युसूफभाईची स्वतःची एक पद्धत आहे. पुढे डाव्या सीटसमोर कागदपत्रांचा ड्रॉवर असतो, ब्लोअर त्याच्या खाली. मोटरचे आतले ब्रश झिजले की पंखा मधेच थांबतो, आणि खालून एक थापड मारली की परत सुरू होतो. हा खरा तर तपासायचा प्रकार आहे. थापडेने चालू झाला म्हणजे मोटर संपत आली, असं समजायचं. युसूफभाई मात्र त्याला रिपेअर म्हणतो.

शहाद्याचा एक तरुण आला होता, नवीन लग्न झालेला. मी वायरिंगमध्ये गुंतलो होतो. युसूफभाईने ड्रॉवरखाली एक थापड दिली, पंखा फिरला. "हो गया." मी सांगितलं की मोटर बदलून घे. तो म्हणाला, बघू.

काही महिन्यांनी तो आला, या वेळी बायकोला घेऊन. ड्रॉवरची खालची पट्टी फुटलेली होती. विचारलं तर कळलं, पंखा थांबला की थापड मारायला त्याला गाडी चालवताना वाकता येत नव्हतं. म्हणून ते काम डाव्या सीटवरच्या बायकोकडे गेलं होतं, आणि ती ते सँडलने करत होती.

नवी मोटर बसवली. पंखा छान चालला. गाडी निघाली, आणि रस्त्याला लागायच्या आधीच आतून धाडकन आवाज आला. नवऱ्याने ब्रेक मारला. "अगं, आता नवीन मोटर आहे. आता कशाला लाथ?"

"सवय आहे," ती म्हणाली. मग त्याच्याकडे बघून, "असू दे. उपयोगी पडेल."

*

आता दित्या. तो पहाडावरच्या मोलगीचा. अक्कलकुवा ते मोलगी पॅसेंजर जीप चालवतो. त्याच्या जीपचं वायरिंग पहिल्यापासून मीच करतो. पार्ट घ्यायला नंदुरबारला उतरला की माझ्याकडे येतो. दित्या सगळ्यांना 'तू' म्हणतो, मला, सिस्टरांना, कुठल्याही साहेबाला. त्याच्या घरच्या बोलीत अहो-जाहो नाही, आणि त्याच्या तोंडी ते कमीही वाटत नाही.

मागच्या थंडीत तो आला तो उतरलेल्या चेहऱ्याने. जीपचा डावा हेडलाइट फुटलेला होता.

सकाळी अक्कलकुव्याहून वर जाणारी पहिली फेरी गच्च भरलेली असते. पौषातली थंडी, त्यामुळे काचा लावलेल्या. सगळ्यांचा श्वास समोरच्या काचेवर जमतो. हीटरचा पंखा गरम हवा मारतोय तोपर्यंत काच साफ राहते. तो थांबला की दोन वळणांत समोर नुसतं पांढरं. दित्या एका हाताने फडकं फिरवत होता, एका हाताने स्टिअरिंग. देवगोईच्या घाटात जीप कठड्याला घासली. कुणाला लागलं नाही. पण आतल्या बाया खाली उतरल्या आणि उरलेला घाट चालत गेल्या.

जीप स्टँडवर प्रत्येकाचा नंबर असतो. ज्याचा नंबर, त्याची गाडी भरते. स्टँडवरच्या जुन्या लोकांनी दित्याला सांगितलं की पंखा दुरुस्त झाला नाही तर तुझा नंबर दुसऱ्याला जाईल. गेलेला नंबर परत मिळत नाही, हे सगळ्यांना माहीत आहे. दित्याचं घर त्या एका नंबरावर चालतं.

मी वही उघडली. दित्या सांगत होता आणि मी लिहीत होतो. एकटा असलो की पंखा चालतो. शेळ्या भरल्या तरी चालतो. बाजाराच्या दिवशी बंद पडतो. आणि मग त्याने जे खरं सांगायचं होतं ते सांगितलं.

"गुरुजी बसला का पंखा बंद पडतो."

हे गुरुजी मोलगीच्या शाळेत शिकवतात. राहायला अक्कलकुव्याला, म्हणून सकाळच्या जीपने वर जातात. मान म्हणून त्यांना पुढची, खिडकीकडची जागा मिळते. दित्या त्यांच्याच हाताखाली शिकला. "चौथीपर्यंत त्यानं माझी वही लाल केली," दित्या म्हणाला, "आता पंखा बंद करतो."

युसूफभाई भिंतीपलीकडून ऐकत होता. "नाना, इसको मिस्त्री नहीं, भूत उतारनेवाला भगत चाहिए."

आम्ही तिघेही हसलो. मग मी वहीकडे बघितलं. वायरमनच्या वहीत 'गुरुजी बसला का पंखा बंद पडतो' हे वाक्य मला बरं दिसेना. मी त्यावर रेघ मारली आणि खाली लिहिलं, 'ब्लोअर अधूनमधून बंद'.

जीपचा पंखा माझ्या शेडमध्ये तासभर न थांबता चालला. फ्यूज बदलला, बॉडीला जोडलेल्या अर्थिंगच्या वायरीचा गंज घासून काढला, आणि दित्याला पाठवून दिलं.

*

त्याच आठवड्यात एका सरकारी ऑफिसची गाडी आली. ड्रायव्हर म्हणाला, "पंखा फिरतो, पण वारा नाही." तसं मी लिहिलं.

बघितलं तर डॅशबोर्डवरच्या चारही झडपा हाताने बंद केलेल्या. उघडल्या, वारा आला.

चौकशी केली. पावसाळ्यात साहेबांना सर्दी झाली होती, तेव्हा त्यांनी त्या बंद केल्या. सर्दी गेली, पावसाळा गेला, दसरा-दिवाळी गेली. साहेब आणि ड्रायव्हर दोघेही दुपारच्या उन्हात घाम पुसत फिरत होते. मी विचारलं, तू उघडल्या का नाहीस?

"साहेबांनी बंद केलेल्या. मी कशा उघडू?"

आताही त्याला गाडी तशीच घेऊन जायची हिंमत होईना. तो म्हणाला, लिहून द्या. मी कागदावर लिहिलं, 'झडपा उघड्या ठेवल्यास हवा येते', खाली सही केली.

दुसऱ्या दिवशी ड्रायव्हर परत आला. मी म्हटलं, आता काय?

"साहेबांना कागद पटला. ते म्हणाले, उघडायचं लेखी आलं, चांगलं झालं. आता बंद करायचं कुणी सांगितलं होतं, ते शोधा."

*

दित्या आठ दिवसांनी परत आला. पंखा घाटात पुन्हा थांबला होता. मी स्विच बदलला. नंतरच्या आठवड्यात पुन्हा आला. मी रिले बदलला. तिसऱ्यांदा आला तेव्हा मोटर काढून टेबलावर ठेवली आणि सरळ बॅटरीवर चालवली. ब्रश चांगले, आवाज नाही, मोटर अगदी निरोगी. परत बसवली, परत तासभर चालली. दर वेळी मी दार उघडून, वाकून, आत डोकं घालून बघत होतो आणि दर वेळी पंखा माझ्या तोंडावर गरम हवा मारत होता.

युसूफभाई म्हणाला, "तेरे यहाँ आके सब गाडी शरीफ बन जाती है."

दित्याने तोपर्यंत स्वतःचा उपाय काढला होता. तो गुरुजींना मागे बसवायला लागला होता. गुरुजींनी ऐकलं. मागच्या बाकावर, टोपल्या आणि कोंबड्यांच्या मधे बसून जायचे. पंखा चालायचा, काच साफ राहायची.

पण गोष्ट पसरली. माणसं गुरुजींकडे वळून बघायला लागली. बाजाराच्या दिवशी एका बाईने दुसऱ्या जीपमध्येही त्यांना पुढे बसू दिलं नाही. शाळेत तर पोरं, गुरुजी वर्गात आले की छताच्या पंख्याकडे बघायची.

स्टँडवरच्या लोकांनी दित्याला बोलावलं. माणूस मागे बसवणं म्हणजे गाडी दुरुस्त करणं नव्हे, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. पुढच्या बाजाराच्या आधी पंखा नीट करायचा. गुरुजी स्वतःच्या जागेवर, पुढे बसणार. त्यांनी काच साफ आहे म्हटलं तर नंबर राहील, नाहीतर गेला.

हे सांगताना दित्या हसला नाही. मीही त्या दिवशी उजव्या पानावर काही लिहिलं नाही. लिहायला काही सापडलंच नव्हतं.

*

दुसऱ्याच दिवशी सिस्टर आल्या. मी विचारलं, काय झालं गाडीला?

"काही नाही. सहा महिने झाले."

पर्समधून त्यांनी तो पुठ्ठा काढून दाखवला. फॉलोअपला आल्या होत्या! मी मुकाट्याने चारही खटके फिरवून दाखवले. सगळे ठीक होते. पुठ्ठ्यावर तसं लिहिलं.

त्या स्टुलावर बसल्या आणि माझ्या तोंडाकडे बघून म्हणाल्या, "तुम्हाला काय झालंय?"

मी दित्याच्या जीपचं सगळं सांगितलं. फ्यूज, अर्थिंग, स्विच, रिले, मोटर. त्यांनी वही मागितली. पहिल्या भेटीचं डावं पान काढलं आणि मोठ्याने वाचलं, "ब्लोअर अधूनमधून बंद."

"हे पेशंट बोलला?"

मी म्हटलं, नाही.

"मग पेशंटचं कुठे आहे?"

मी बोट ठेवलं. त्यांनी वही उजेडाकडे तिरकी धरली आणि रेघेखालचं वाक्य एकेक शब्द करून वाचलं. त्या हसल्या नाहीत.

"म्हणजे तुम्ही अधूनमधूनवर औषध देताय," त्या म्हणाल्या. "आणि तो सांगतोय कधी ते." मग पर्स उचलून उभ्या राहिल्या. "गुरुजींना बोलवा."

*

दित्याला फोन केला. तो म्हणाला, "त्याला आणू? त्याच्यामुळेच तर बंद पडतो."

मी म्हटलं, म्हणूनच आण.

रविवारी दुपारी जीप आली. मागचं दार उघडलं. आधी दोन लांब पाय खाली आले, आणि बऱ्याच वेळाने वर गुरुजी. एवढा उंच माणूस अक्कलकुव्यापासून नंदुरबारपर्यंत मागच्या बाकावर घडी होऊन आला होता. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. मी मागे बसल्याबद्दल काहीतरी बोलायला गेलो. ते म्हणाले, "मुलाच्या नंबरचा प्रश्न आहे. आधी गाडी बघा."

पंखा चालू केला. गुरुजींना पुढे डाव्या सीटवर बसवलं. पंखा चालू. पाच मिनिटं झाली, दहा झाली, चालूच. दित्याने माझ्याकडे बघितलं. युसूफभाई हात पुसत भिंतीजवळ उभा होता, त्यानेही माझ्याकडे बघितलं.

मग माझ्या लक्षात आलं की या शेडमध्ये मी ही जीप कायम रिकामीच बघितली आहे.

"दित्या, घाटात पुढे किती माणसं असतात?"

"चार. मला धरून."

मी युसूफभाईला म्हटलं, चल, बस. दित्या स्टिअरिंगवर, गुरुजी खिडकीशी, मधे मी आणि युसूफभाई. युसूफभाई चांगला भरलेला माणूस आहे. त्याला जागा द्यायला गुरुजींनी अंग चोरलं आणि पाय जवळ ओढले. त्यांचे गुडघे वर, डॅशबोर्डला टेकले.

पंखा थांबला.

"कुणी हलू नका," मी म्हणालो.

चौघेही तसेच बसून राहिलो. मी कसाबसा वाकून टॉर्च लावला. "गुरुजी, डावा गुडघा खाली."

काही झालं नाही.

"उजवा."

पंखा सुरू झाला.

"वर."

थांबला.

गुरुजींनी ते चार वेळा करून दाखवलं, कवायतीसारखं. वर, बंद. खाली, चालू. ड्रॉवरच्या खाली वायरी जोडायचा एक कपलर लोंबत होता आणि गुरुजींचा गुडघा नेमका त्यावर दाबला जात होता. दाब आला की आतली पिन सुटायची. माझ्यासारख्या बुटक्या माणसाचा गुडघा तिथपर्यंत पोचतच नव्हता. शेळ्यांचा तर प्रश्नच नाही.

कपलरवरची काळी टेप मी ओळखली. थंडी सुरू व्हायच्या आधी ती मीच गुंडाळली होती. रिकाम्या जीपमध्ये वाकून, नीट तीन पदर देऊन, जिथे माणसाचा गुडघा येतो बरोबर तिथे.

मी ते सगळ्यांना सांगितलं. युसूफभाई उतरून माझ्या फळीवरून नवा कपलर घेऊन आला.

नवा कपलर टाकला, वायर डॅशबोर्डच्या मागून वर घेऊन क्लिपने बांधली. दहा मिनिटांचं काम. मग चौघेही परत तसेच कोंबून बसलो, काचा लावल्या, हीटर पूर्ण चालू केला आणि कोरीटपर्यंत जाऊन आलो. नंदुरबारच्या दुपारी! घामाने चौघांचे शर्ट अंगाला चिकटले. गुरुजी पूर्ण रस्ता दोन्ही गुडघे डॅशबोर्डला घट्ट लावून बसले होते. पंखा एकदाही थांबला नाही. समोरची काच घासून ठेवलेल्या ताटासारखी स्वच्छ.

उतरल्यावर गुरुजींनी रुमालाने मान पुसली. "काच साफ आहे. उद्या स्टँडवर मी सांगतो." दित्या जीपला टेकून उभा राहिला, आणि मग खाली उकिडवा बसला.

गुरुजी माझ्याकडे वळले. "माझ्याबद्दल तुमच्या वहीत काहीतरी लिहिलंय, असं दित्याकडून कळलं."

मी जरा घुटमळलो आणि वही दिली. त्यांनी डावं पान काढलं. रेघ मारलेली ओळ वाचली, तिच्याखालची माझी ओळ वाचली. खिशातल्या दोन पेनांतलं लाल पेन काढलं. रेघ मारलेल्या ओळीपुढे बरोबरची खूण केली. माझ्या ओळीखाली लिहिलं, 'पुन्हा लिही.' आणि वही माझ्या हातात दिली.

दित्या उठून आला. माझ्या खांद्यावरून वाकून त्याने पान बघितलं.

"हे माझ्या ओळीला दिलं?"

मी म्हटलं, हो.

त्याने ते पुष्कळ वेळ बघितलं. मग मोबाइल काढून पानाचा फोटो घेतला, जीपच्या डाव्या बाजूला गेला आणि पुढचं दार उघडून धरलं.

"गुरुजी," तो म्हणाला, "तू पुढे बस."